आज्याला आधी खुर्चीतून उठव

वाचकांचे प्रश्न : माहितीपट, जागा आणि आठवण

मागच्या अंकात आपल्या गावाचा किंवा गल्लीचा माहितीपट आपणच कसा करावा, यावर मी लिहिलं होतं. कॅमेरा एका जागी ठेवा, घाई करू नका आणि आठवणी विचारण्याआधी त्या जागेवर त्या माणसाबरोबर थोडं वावरा, एवढंच त्याचं सार. त्यावर बरीच पत्रं आली, बहुतेक ठाणे आणि नवी मुंबईतून. मी ठाण्यातल्या चेंदणीत वाढलेली आणि माझं बहुतेक काम ठाण्याच्या खाडीच्या दोन काठांवरच झालेलं, त्यामुळे यातले काही प्रश्न मला घरचेच वाटले. 'कुठला कॅमेरा घेऊ' विचारणाऱ्या सगळ्यांना एकच उत्तर दिलं आहे, रागावू नये.

घणसोली गावातून एक विद्यार्थी : माझा आजा ऐंशीच्या पुढचा आहे. त्याला हॉलमध्ये खुर्चीवर बसवलं, शर्टला माइक लावला आणि विचारलं, 'आजा, पूर्वी इथं कसं होतं?' तो म्हणाला, 'सगली शेती व्हती, मिठागरं व्हती. सिडको आली, जमिनी गेल्या.' पुन्हा विचारलं, पुन्हा तेच. पाच मिनिटांत मुलाखत आटोपली. रात्री जेवताना मात्र हाच माणूस थांबता थांबत नाही. काय करू?

आज्याने उत्तर दिलंय, आणि ते तुझ्या प्रश्नाच्या मापाचंच आहे. नवी मुंबई वसवणारं सरकारी महामंडळ, सिडको, १९७० साली आली, ९५ गावांच्या जमिनी संपादनात गेल्या. तेव्हापासून तुझ्या आज्याला हा प्रश्न किती जणांनी विचारला असेल बघ : मोजणीदार, वकील, पुढारी, पेपरवाले, आता तुझ्यासारखी कॉलेजची पोरं. जानेवारी १९८४ मध्ये जासईला शेतकऱ्यांचे नेते दि. बा. पाटलांच्या आंदोलनावर गोळीबार झाला, पाच माणसं गेली, मग पुढे गेलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड परत द्यायची योजना आली. या सगळ्या काळात गावकऱ्यांना सरकारपुढे थोडक्यात आणि ठाम बोलावं लागलं. 'शेती व्हती, जमिनी गेल्या' हे त्या लढ्यात घासून पक्कं झालेलं बोलणं आहे. ते खरंच आहे, पण ते सभेतलं आणि कचेरीतलं बोलणं. तुला हवंय ते जेवणाच्या ताटावरचं.

तेव्हा आधी त्याला खुर्चीतून उठव. घरात जुना सातबारा असेलच, तुमच्याकडे कोणी तो टाकत नाही. त्यावर 'शेताचे स्थानिक नाव' असा एक रकाना असतो. बऱ्याचदा तो रिकामा असतो, पण भरलेला निघाला तर तुझं निम्मं काम झालं. रिकामा असला तर आज्यालाच विचार, त्या तुकड्याला घरात काय म्हणत. मग संध्याकाळी उन्हं उतरल्यावर त्याला घेऊन त्या जागी जा. तिथे आज एखाद्या सेक्टरचा रस्ता असेल, नाहीतर कुठल्याशा टॉवरचं पार्किंग. तिथे 'पूर्वी' हा शब्द तोंडातून काढू नकोस. कामाचं विचार. उघाडी कुठल्या अंगाला होती? रात्री फळ्या टाकायला कोण जायचं? बाहेरकाठ्याला खांड पडली तर हाक कोण मारायचं?

हे प्रश्न मी उगाच सुचवत नाही. खाडीकाठची भातशेती मातीच्या बांधावर उभी असे. बाहेरकाठा म्हणजे खाडीकडचा बांध, उघाडी म्हणजे त्यातलं फळ्यांचं दार, खांड म्हणजे बांधाला पडलेलं भगदाड. पावसाचं पाणी उघाडीतून बाहेर सोडायचं आणि भरतीचं खारं पाणी आत येऊ द्यायचं नाही, हा खेळ वर्षभर चाले. उधाणाला बांध फुटला तर सगळं गाव चिखलाची ढेकळं घेऊन धावे, कारण एकदा खार आत शिरला की तो पावसाने धुऊन जाईपर्यंत त्या जमिनीत पीक धड येत नसे. असल्या कामाची आठवण अंगात राहते. विचारल्यावर आजा चार पावलं चालेल, थांबेल, 'नाय, हिकरं नाय' म्हणेल आणि उलटा फिरेल. तू कॅमेरा घेऊन त्याच्या मागे राहा, पुढे पळत जाऊन चेहरा टिपायला बघू नकोस. त्याचा अंदाज चुकेलच. मध्ये बिल्डिंगी आल्यात, नाला वळवलाय, भराव पडलाय. चुकू दे. पार्किंगमधल्या दोन गाड्यांमध्ये उभा राहून आपला बांध शोधणारा म्हातारा हाच तुझा शॉट आहे, आणि तो दाखवताना वरून निवेदनाची एक ओळही लागणार नाही.

सारसोळ्याच्या जेटीवर मी एका कोळीबाबांना जाळं सांधताना चित्रित करत होते. जाळ्याची कड पायाच्या अंगठ्यात अडकवलेली, डाव्या हाताने ताण दिलेला, उजव्या हातात सुई. जाळ्याचा फाटलेला प्रत्येक डोळा ते आधी नखाने साफ करत, मगच गाठ मारत. मी काहीही विचारलं नाही. बराच वेळ गेला. मग सुई दातांत धरून ते पाम बीच रस्त्याकडे बघत म्हणाले, 'तिथं होडी लागायची आमची.' पुन्हा सुई हातात, पुन्हा काम सुरू. त्या वाक्याच्या आधीची सगळी शांतता मी फिल्ममध्ये ठेवली. ती कापली असती तर ते वाक्य बातमीतल्या बाइटसारखं वाटलं असतं.

आणि एक. आज्याची आगरी 'सुधारू' नकोस. बाहेरच्यांना कळायला खाली प्रमाण मराठीत ओळी दे, बस.

किसननगर, ठाणे येथून एक वाचक : माझे वडील वागळे इस्टेटमध्ये एका कंपनीत टर्नर होते. कंपनी बंद पडली, शेड पाडली, तिथे आता काचेची इमारत आहे. बाबा तिकडे यायला तयार नाहीत. त्यांना एका कानाने कमी ऐकू येतं. दाखवण्यासारखं काही उरलेलंच नाही, मग फिल्म कशाची करू?

तुम्ही पत्रात दाखवण्यासारखी निदान एक गोष्ट लिहूनच टाकली आहे, तो कान. यंत्रांच्या आवाजात वर्षानुवर्षं उभा राहिलेला माणूस घरात मोठ्याने बोलतो. आवाज ध्वनिमुद्रणात फाटणार नाही एवढी पातळी ठेवा, पण 'बाबा, हळू बोला' म्हणू नका.

बाबा तिकडे येत नसतील तर नेऊ नका. त्यांचा हक्क आहे. कारखाना त्यांच्या दिनक्रमात बघा. पहिल्या पाळीचा माणूस निवृत्तीनंतरही पहाटे उठतो, डबा नसला तरी डब्याच्या वेळी स्वयंपाकघरात एक चक्कर मारतो, आणि तीन वाजता पाळी सुटायच्या वेळी त्याला चहा लागतो. तुमच्याकडे असं काय काय चालतं ते आधी कॅमेऱ्याशिवाय बघून ठेवा.

मग बारीक मापं घ्यायचा एक जुना व्हर्नियर कॅलिपर मिळवा आणि टेबलावर ठेवून द्या. काही बोलू नका. टर्नर माणूस तो उचलणारच. उचलला की आधी जबडे मिटवून शून्य जुळतंय का बघेल, उजेडाकडे धरून फट तपासेल, आणि मग हाताशी येईल ते मोजायला लागेल : पेन, बांगडी, नातवाच्या सायकलचा नट. एखादं माप तो न बघता आधी सांगेल आणि मग पडताळून पाहील. ते आकडे येऊ द्यात. ते बरोबर निघाल्यावर बाबांच्या चेहऱ्यावर जे येईल ते तुम्हाला कुठल्याही मुलाखतीत मिळणार नाही.

काचेच्या इमारतीसमोर तुम्ही एकटे जा. वॉचमनशी हुज्जत घालायची नाही. समोरच्या फुटपाथवर उभं राहून सकाळी सातला आणि दुपारी तीनला, पाळी बदलायच्या वेळी, तोच शॉट घ्या. औद्योगिक विकास महामंडळ १९६२ चं, आणि वागळे इस्टेट ही त्याची पहिलीवहिली वसाहत. तिथले रस्ते अजून नंबरांनीच ओळखले जातात : रोड नंबर १६, रोड नंबर २२. कारखाने गेले तरी रिक्षावाला तेच आकडे बोलतो. पासपोर्टसाठी आलेली पोरं, गळ्यात ओळखपत्र लटकवलेली आयटीची मंडळी, चहाची टपरी, सगळं चौकटीत येऊ द्या. या शॉटच्या शेवटी बाबांचा व्हर्नियर जोडायचा की सुरुवातीला, हे एडिटिंगला बसल्यावर ठरेल. आत्ता त्याचा विचार नको.

'कुठला कॅमेरा घेऊ' विचारणारे सगळे :

हातातला फोन. पैसे उरले तर आधी बरा माइक घ्या, मग ट्रायपॉड. सेटिंगमध्ये जाऊन फ्रेमरेट २५ करा आणि शटर १/५० वर ठेवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्‌झची, म्हणून फोनच्या नेहमीच्या ३० च्या सेटिंगवर घरातली ट्यूबलाइट चित्रात लपलपते. प्रत्येक जागी काम संपल्यावर सगळ्यांना गप्प बसवून मिनिटभर नुसता त्या जागेचा आवाज घ्या. दोन वाक्यांमधला खड्डा बुजवायला तोच कामी येतो. आणि ड्रोन नको. विमानतळाच्या आसपास परवानगीच्या भानगडी आहेत हे एक कारण, पण परवानगी मिळाली तरी नकोच. वरून बघितलं की सगळी उपनगरं सारखीच दिसतात.

ऐरोलीहून एक गृहिणी : माझं लग्न १९९१ साली कोपरखैरण्यात झालं. त्याची व्हिडिओ कॅसेट आहे, पण तिच्यावर पांढरी बुरशी आलीय. मुलगा म्हणतो फेकून दे, त्यात काय आहे?

फेकू नका. आणि ती कॅसेट लावूनही बघू नका. बुरशी आलेली फीत चालवली की ती तुटू शकते आणि यंत्राचं हेडही खराब होऊ शकतं. अशा फिती साफ करून डिजिटल करून देणारे अजून आहेत, पण चालू स्थितीतले व्हीसीआर दिवसेंदिवस कमी होताहेत, तेव्हा हे काम लांबणीवर टाकू नका. हार्ड डिस्कवर आल्यावर दोन वेगळ्या घरांत दोन प्रती ठेवा.

त्यात काय आहे, या मुलाच्या प्रश्नाचं उत्तर माझ्या दृष्टीने असं : नवरा-नवरी सोडून सगळं. वाशीपर्यंत लोकल आली १९९२ साली. तुमची वरात त्याच्या आदल्या वर्षीची, म्हणजे एक गाव शहर होण्याच्या अगदी उंबऱ्यावरची. मांडवामागची घरं, कौलं की पत्रा, विहीर, पाणी कुठून भरतायत, बाया कुठल्या वाटेने येतायत, हे बघा. हळदीच्या रात्री व्हिडिओवाल्याचा एक पोरगा डोक्यावर हॅलोजन धरून पुढे चालायचा. तो उजेड वळला की क्षणभर एखादी भिंत, एखादी गल्ली उजळते आणि पुन्हा अंधारात जाते. मी असल्या कॅसेटी एकेक फ्रेम थांबवून बघते. त्या काळच्या गावठाणांचं एवढं चित्रण दुसऱ्या कोणी केलेलं मला तरी माहीत नाही. सरकारी माहितीपट बनवणारे उद्घाटनाला येत, हळदीला नाही.

एक दुःख मात्र त्यात ठरलेलं. स्टुडिओवाले मूळ आवाज पुसून वर सिनेमाची गाणी चढवायचे. तुमच्या मांडवात धवलारीण, म्हणजे लग्नाची पारंपरिक गाणी, धवले, गाणारी बाई, बसली असेल, तिचे ओठ हलताना दिसतील आणि ऐकू येईल भलतंच. ती बाई हयात असेल तर तिला हे चित्रण दाखवा, आवाज बंद करून. ती नसेल तर तिच्याबरोबर गाणाऱ्यांपैकी कोणी असेल. स्वतःचे ओठ बघून कुठला धवला चाललाय हे त्यांना ओळखू येईल आणि त्या गाऊ लागतील. तेव्हा कॅमेरा त्यांच्यावर असू द्या. मुलाला म्हणावं, कॅसेट राहू दे, तूच ये ट्रायपॉड धरायला.

ठाणे पश्चिमेहून एक वाचक (पत्र जरा तिरकस आहे) : तुमची एक फिल्म पाहिली. चार मिनिटं नुसती खाडी. शेजारचे गृहस्थ घोरत होते. याला चिंतनशील म्हणायचं की दिग्दर्शिकेला एडिटिंगचा कंटाळा?

घोरण्याचा आवाज मलाही आला होता, मी दोनच रांगा मागे होते.

लांब शॉट म्हणजे आपोआप खोल शॉट, असं मी मानत नाही. आत काही घडत नसेल तर तो कापावाच. जुलै १८९६ मध्ये वॉटसन हॉटेलात मुंबईकरांनी पहिल्यांदा चलच्चित्रं पाहिली. त्या ल्युमिएर बंधूंच्या फिती जेमतेम १७ मीटरच्या, म्हणजे पन्नासएक सेकंदांच्या असत. कॅमेरा खिळलेला, कट नाही. तेवढ्यात गाडी स्टेशनात येते, माणसं उतरतात, झालं. मी नव्या मुलांना हाच नियम घालते : पन्नास सेकंद, हलायचं नाही, आणि शॉट सुरू करण्याआधी सांगायचं की यात काय बदलणार आहे. उत्तर देता आलं नाही तर बटण दाबायचं नाही. तुम्ही पाहिलेल्या चार मिनिटांत ओहोटीचं पाणी एका जुन्या बांधाच्या दगडांवरून उतरतं आणि तो बांध हळूहळू उघडा पडतो. तो बांध अजून तिथे आहे हे गावातल्या पोरांनाही माहीत नव्हतं. दोन मिनिटांत ते कापून दाखवता आलं असतं, हे मान्य. पण मग बांध मी दाखवला असता, बघणाऱ्याला तो सापडला नसता. शेजारच्या गृहस्थांना बांध दिसला नाही, याबद्दल मला वाईट वाटतं. थोडंसंच.

(बासरी का नव्हती, हे तुम्ही विचारलं नाहीत त्याबद्दल आभार. गाव गेलं की बासरी, कारखाना गेला की सारंगी, हे एकदा बंद व्हायला हवं.)

नवी मुंबई विमानतळासाठी हललेल्या एका गावातली शिक्षिका : आमचं गाव उठलं, आम्ही नव्या वसाहतीत आलो, गावदेवीही आली. पण डोंगर? उलव्याचा डोंगर तर कापून सपाट केला. शाळेतल्या मुलांबरोबर त्यावर फिल्म करायची आहे. जुने फोटो फार थोडे आहेत. नसलेला डोंगर दाखवायचा कसा?

तुमच्या पत्रावर मी सगळ्यात जास्त थांबले. घर हललं तर दुसरीकडे उभं राहतं, नदी वळवली तरी ती कुठेतरी वाहते. उलवे नदी वळवलीच. डोंगराला तीही सोय नाही. नव्वदेक मीटरचा उंचवटा होता, तिथे आता धावपट्टीच्या बाजूची सपाटी आहे आणि २५ डिसेंबर २०२५ पासून विमानं उडताहेत.

संगणकावर डोंगर पुन्हा उभा करायचा मोह मुलांना होईल. करू देऊ नका. मुलांकडे त्याहून चांगलं साधन आहे, गावातली माणसं. जिथून पूर्वी डोंगर दिसायचा अशी एक मोकळी जागा ठरवा. जमिनीवर रंगाने ट्रायपॉडच्या तीन पायांच्या खुणा करा. मग एकेक माणूस आणून उभा करा, आजी, रिक्षावाला, तुमची पाचवीतली मुलगी, आणि एवढंच म्हणा : किती उंच होता, हाताने दाखवा. कोणी कपाळाएवढा हात धरेल, कोणी मान मागे टाकून बोट वर नेईल, कोणी नुसताच हात पसरून रुंदी दाखवेल. हे हात एकमेकांशी जुळणार नाहीत. ते जुळवायचेही नाहीत. ओळीने एकापुढे एक लावा, प्रेक्षकाला डोंगर दिसू लागेल आणि त्याची उंची सारखी बदलत राहील. आठवणीतला डोंगर असाच असतो.

दुसरं, उजेडाचं विचारा. डोंगराच्या सावलीतल्या घरांना ऊन उशिरा मिळतं किंवा लवकर जातं. कोणाच्या अंगणात सकाळचं ऊन कधी यायचं, पापड-मासळी कुठे सुकत घालायचे, हे बायकांना मिनिटामिनिटाने आठवतं. पुरुषांना विचारून फारसा उपयोग नाही, हा माझा अनुभव. सुरुंग लागायचे तेव्हा भांडी कशी हलायची, हेही त्या सांगतील.

आणि त्या रंगवलेल्या तीन खुणांवरून वर्षभर, जमेल तेव्हा, तोच शॉट घेत राहा. दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' करायच्या आधी कुंडीतल्या वाटाण्याची वाढ एकेक फ्रेम घेऊन टिपली होती. तुमच्यापुढे काय वाढतंय ते वर्षाअखेरीला मुलांनाच दिसेल. बोलणं चालू असताना वरून विमान गेलं तर कट म्हणू नका. बोलणारा थांबतो, वर बघतो, विमान गेल्यावर धागा उचलतो. एकदा तरी तो धागा सुटेल, माणूस विचारेल, 'मी काय सांगत होतो?' तेही ठेवा.

नेरूळहून दोघी मैत्रिणी : खाडीवर फ्लेमिंगो आणि मासेमारी दोन्ही एकाच चौकटीत हवं आहे. किती वाजता जायचं? अ‍ॅपवरची वेळ आणि जेटीवरची वेळ जुळत नाही.

अ‍ॅप बहुधा मुंबई बंदराची वेळ देतं आणि पाणी खाडीत वर चढायला आणखी वेळ घेतं. कोळी लोक तिथीची पाऊणपट धरतात. अष्टमीला आठाचे पाऊणपट सहा, म्हणजे सहाच्या सुमारास पूर्ण भरती. द्वितीयेला दीड. ओहोटी त्यानंतर साधारण सव्वासहा तासांनी. फ्लेमिंगो उघड्या पडलेल्या गाळावर चरतात, म्हणून तुम्हाला सकाळची ओहोटी हवी. त्यासाठी प्रतिपदा-द्वितीया धरा, सातला जेटीवर हजर राहा आणि खाडीचा उशीर हाताशी ठेवा. हे पाहुणे साधारण नोव्हेंबर ते मे असतात. उधाणाच्या दिवसांत गाळ दूरवर उघडा पडतो आणि पक्षीही लांब जातात, तेव्हा चौकटीत होडी जवळ आणि पक्षी मागे ठिपक्यांसारखे, असंच येईल. मला तेच आवडतं, पण तुम्हाला पिसं मोजायची असतील तर लांब लेन्स भाड्याने घ्या.

होडीवाल्या दादांना आदल्या संध्याकाळी भेटून सांगा, भाड्याचं आधी ठरवा आणि त्यांच्या मासेमारीच्या वेळेत आपल्यासाठी फेरी मारायला लावू नका. गाळात उतरायची वेळ आलीच तर चप्पल काढून हातात घ्या. रुतलेली चप्पल परत मिळत नाही, आणि ती शोधताना कॅमेरा जातो.